कुंडात दोन जावा आणि एक समुद्रकाकडी

पौषाची पुनव मावळत होती. पश्चिमेला पाण्याच्या कडेवर चंद्र टेकला होता, रात्रभर जागून रुसलेल्या पाहुण्यासारखा फिकट. पूर्वेला माडांच्या मागे सूर्य अजून अंथरुणात होता. आणि त्या मधल्या, राखी, रुपेरी, कुणाच्याच बाजूने नसलेल्या उजेडात समुद्र मागे सरत होता, सरत होता, सरत होता. शेजारी भांडण लागल्यावर ओसरीवरचा शहाणा माणूस हळूच आत सरकतो, तसा.

समुद्र गेला आणि कातळवाडीचं खडप उघडं पडलं. काळं खडप, ओलं खडप, शेवाळाने निसरडं आणि कालवांच्या शिंपल्यांनी धारदार खडप. उघडा पाय दिसला की ज्याला चावावंसंच वाटतं, असं खडप. वारा वैऱ्यासारखा येत होता. थंडी अशी, की खेकडे तिरके चालायचं सोडून सरळ घरी जात होते.

खडपाच्या खळग्याखळग्यात पाणी मागे राहिलं होतं, आणि प्रत्येक खळग्यात एकेक चंद्र पडला होता. बशीएवढ्या पाण्यात बशीएवढा चंद्र, परातीएवढ्या पाण्यात परातीएवढा. सगळ्यात मोठ्या कुंडात मात्र चंद्र नव्हता. त्यात दोन बायका उभ्या होत्या, आणि त्यांनी पाणी इतकं ढवळलं होतं की चंद्राला बसायला जागाच उरली नव्हती.

ते कोयंड्यांचं, या दोघींच्या सासरचं कुंड. नीलजल, शैवालवसन, मत्स्यगर्भ असं ते कुंड; भर ओहोटीलाही गुडघाभर पाणी राखून असलेलं. समुद्र जाताना त्यात मासे विसरून जायचा. गोबरे, पालू, चुकार बोय. होड्या किनाऱ्याला लागलेल्या असोत की वादळात अडकलेल्या, ज्याचं कुंड त्याच्या चुलीवर आमटी उकळायची. शाश्वत आमटी. सनातन आमटी.

पूर्वेच्या अंगाला उभी होती थोरली जाऊ द्वारका. बुटकी, रुंद, नांगरासारखी जड आणि नांगरासारखीच एकदा रुतली की न निघणारी. पश्चिमेच्या अंगाला धाकटी जाऊ सुगंधा. उंच, किडकिडीत, पाठीवर कमरेखाली लोळणारी काळीभोर वेणी, आणि जिभेला अशी धार की तिच्याशी बोलून आल्यावर माणूस आरशात आपले कान मोजून घ्यायचा.

भाद्रपदात सासरा वारला आणि घराचे दोन भाग झाले. चुली दोन झाल्या, दारं दोन झाली, माड वाटले, हंडे वाटले. वाटणी इतकी चोख झाली, की पाटा द्वारकेकडे गेला आणि वरवंटा सुगंधाकडे. तेव्हापासून दोन्ही घरांत वाटण झालेलं नाही. दोन्ही घरं अख्खी मिरची चावून, डोळ्यांतलं पाणी पुसत, एकमेकांचं वाईट चिंतत जेवत होती.

कुंड तेवढं वाटता आलं नाही. पाण्यात भिंत घालता येत नाही, आणि माशाला बांध कळत नाही.

तेव्हापासून कुंड द्वारकेने दाबलं होतं. सुगंधाचा नवरा लक्षू हा दर्यावर जगणाऱ्या गाबतांच्या सात पिढ्यांत पहिला असा निपजला होता, की ज्याला समुद्र लागतो. होडीत पाय टाकला की हा काठावर वाकलेला, आणि मासे कृतज्ञतेने गोळा झालेले. त्यामुळे लक्षूच्या घरी मासा यायचा तो एकाच रस्त्याने. सुगंधाने वाटी घ्यायची, द्वारकेच्या दारात उभं राहायचं, आणि द्वारकेने सगळ्या आळीला ऐकू जाईल अशा आवाजात विचारायचं, "काय गो, आज पण?" मग वाटीत एक शेपूट पडायचं. दररोज शेपूट. जगातल्या माशांना डोकी असतात, पोटं असतात, मध्ये चांगली जाड कापं असतात, हे सुगंधा विसरत चालली होती.

आज कुंड जिंकलं, तर ती वाटी कायमची फळीवर पालथी पडणार होती. आज कुंड हरलं, तर जन्मभर शेपूट.

कारण वाडीचा रिवाज होता. कुंडावरून तंटा झाला, की पौषाच्या पुनवेला, सर्वांत खोल ओहोटीला, दोन्ही दावेदारांनी त्यात उतरायचं. मग भरती येईल. पाणी चढेल. ज्याचा पाय तळावरून आधी सुटला, त्याचं कुंड सुटलं. त्याचं, त्याच्या मुलांचं, त्याच्या नातवंडांचं. अंगाला हात लावायचा नाही. शिव्यांना मुभा होती, कारण शिव्यांवाचून दोन माणसं इतका वेळ एकत्र उभी राहतील, असं वाडीच्या पूर्वजांनाही वाटलं नव्हतं.

पंच म्हणून आबा मेतर बसला होता, होडीचा म्हातारा तांडेल. उंच कातळावर, डोक्यावर छत्री उघडून. पाऊस नव्हता, ऊन नव्हतं. छत्रीवाचून आपण पंच दिसत नाही, असं त्याला वाटायचं. त्याच्या मागे दोघींचे नवरे, भिवा आणि लक्षू, सख्खे भाऊ, पाठीला पाठ लावून बसले होते. एकमेकांशी बोलायची त्यांना घरून बंदी होती.

"तुझ्या घोवाक होडीत उलटी येता, नि तुका कुंड व्हया?" द्वारकेने सकाळ उघडली.

"शेपटा वाढून वाढून तुझो हात आखूड झालो गो वयनी," सुगंधा म्हणाली. "बघ, मिठी मारूक पण पुरूचो नाय कोणाक."

आणि या दोघींच्या मधोमध, कुंडाच्या पोटातल्या दगडाखाली, ती होती.

समुद्रकाकडी. काकडी ती नुसती आकाराने. कोशिंबीर करायला घेतलीत तर पुढचं पान तुमच्या श्राद्धाला. हातभर लांब, मनगटाएवढी जाड, ओल्या काजळाची, मखमलीची, मंद मंद श्वासाची. डोकं नाही म्हणून डोकेदुखी नाही. मेंदू नाही म्हणून मत नाही. हृदय नाही म्हणून नातेवाईक नाहीत. अशी ती निर्मस्तका, निर्हृदया, निरस्थी, निर्विकारा. अशी ती कृष्णकांती, तमोवासिनी, सिकताभक्षिणी. उष्ण समुद्राच्या उथळ काठाची आद्य सफाई कामगार.

मागचं अर्धं अंग दगडाखाली ठेवायचं, पुढचं अर्धं बाहेर लांबवायचं, तोंडाभोवतीच्या झुबक्याने वाळू चाटायची, चाटायची, गिळायची. वाळूतलं कुजलेलं, मेलेलं, सांडलेलं पोटात ठेवून घ्यायचं, आणि धुतल्या तांदळासारखी वाळू मागच्या दाराने बाहेर. त्याच मागच्या दाराने ती पाणी आत घेते आणि श्वासोच्छ्वासही करते. एकाच दारावर इतका ताण असूनही तिच्या चेहऱ्यावर कधी त्रागा दिसला नाही. अर्थात, चेहरा नाही.

त्या दाराचं आणखी एक काम होतं. ते कातळवाडीला ठाऊक नव्हतं.

दूर पूर्वेकडच्या देशांत हिच्या बहिणींना उकळतात, वाळवतात, धुरावर धरतात आणि लग्नाच्या मेजवानीत मानाच्या पाहुण्याला वाढतात. आपल्याकडे कायद्याने तिला वाघाच्या पंगतीला बसवलं आहे; पकडलीत तर तुरुंग. कातळवाडीला यातलं काहीच माहीत नव्हतं. कातळवाडीला तिचा एकच उपयोग ठाऊक होता. काठीने ओढून तिला दगडावर घासायचं. जांभळट पाणी सुटतं. ते कुंडात पडलं की मासे झिंगतात, आडवे होतात, हातात येतात. मरणाऱ्या आणि मारणाऱ्या दोघांचंही काम ज्यात सोपं होतं, असं ते पाणी.

आणि एक समज होता. डिवचली की ती पांढरे चिकट धागे थुंकते, हे सगळ्यांनी लांबून पाहिलं होतं. थुंकते म्हणजे तोंडानेच थुंकणार. माणूस तोंडाने थुंकतो, साप तोंडाने फूत्कारतो, द्वारका तोंडाने बोलते. वाडीला दुसरी पद्धत माहीत नव्हती. समज चुकीचा होता, पण एकमताने होता.

ती काळी तर दोघींच्या हद्दीत लांब पसरली होती. तोंड पूर्वेला, द्वारकेच्या अंगाला. बूड पश्चिमेला, सुगंधाच्या अंगाला.

"ही पण तुझीच!" द्वारकेच्या ते एकाएकी ध्यानात आलं. "माझ्या बाजूची रेती खाता नि तुझ्या बाजूक हागता! वर्षांचा वर्षां माझी रेती तुझ्यात नेवन टाकता!"

"बुद्धी आसा तिका," सुगंधा म्हणाली. "मेंदू नसान पण."

तेवढ्यात भरती वळली.

आवाज न करता वळली. आधी खडपाच्या ओठावर एक ओली रेघ. मग रेघेची जीभ. मग जिभांची झुंड. बशीतले चंद्र एकेक करून विझले, परातीतले विझले, आणि थंडगार, हिरवं, फेसाळ पाणी कुंडाच्या काठावरून आत उतरलं, वसुलीला आलेल्या माणसासारखं, सरळ, न विचारता.

गुडघ्यावरचं पाणी मांडीवर आलं. मांडीवरचं कमरेवर. पाण्यावर बोटं आपटावीत तशा दोघी एकमेकींवर शब्द आपटत राहिल्या. माहेरं निघाली. माहेरांची माहेरं निघाली. एकोणीसशे कुठल्याशा साली द्वारकेच्या आजोळच्या मांजराने कुणाची बांगड्याची तुकडी पळवली होती, तेही निघालं. वर किनाऱ्यावर कुत्री कान टवकारून बसली होती. त्यांच्या हयातीत त्यांनी असं काही ऐकलं नव्हतं, आणि शिकायची संधी होती.

कमरेवरचं पाणी छातीशी येऊ लागलं. सुगंधाच्या नव्हे, द्वारकेच्या. उंची ही अशी गोष्ट आहे, की ती भांडून मिळत नाही. सुगंधा अजून कमरेइतक्या पाण्यात बगळ्यासारखी उभी होती, आणि द्वारकेचा पदर पाण्यावर फुगून तिच्या हनुवटीला गुदगुल्या करत होता. तिचे पाय हलके होत होते. पाणी तिला खालून उचलत होतं, मऊ हातांनी, मधाळ हातांनी. कुणाची बाजू न घेणारं पाणी थोरलीच्या विरोधात गेलं होतं.

द्वारका हरणार होती. तिला ते कळलं, सुगंधाला ते कळलं, कुत्र्यांनाही कळलं.

मग द्वारका नाक धरून खाली बुडाली, आणि वर आली तेव्हा तिच्या दोन्ही हातांत ती होती. ओली, लांब, काळी, लोंबती. दगडाखालून उपटून काढलेली.

"वयनी, अंगाक हात लावचो नाय हां!" आबा छत्रीखालून ओरडला.

"हात खय लावतंय? मी खय लावतंय हात?" द्वारका गरजली. आणि बंदूक धरावी तशी तिने ती काकडी खांद्याशी धरली. झुबकेदार तोंड नीट सुगंधाच्या नाकासमोर, बूड आपल्या गालापाशी. नेम धरला. एक डोळा मिटला. आणि पोटात सर्व शक्तीनिशी दाबली.

"थुक! थुक गो तिच्या तोंडार!"

हृदय नसलेल्या त्या जीवाने, मेंदू नसलेल्या त्या जीवाने, आयुष्यात पहिल्यांदाच कुणाचं तरी ऐकलं. फक्त दार मागचं होतं.

आधी एक. मग दहा. मग शंभर. दुधाळ, लवचिक, शुभ्रशुभ्र धाग्यांचा पुंजका द्वारकेच्या कानशिलावर फुटला. हवेत लांबत, वळत, वळवळत, केसांना लागला की गोंदासारखा घट्ट होणारा. फुलांचा मांडव कोसळावा तसे ते धागे तिच्या सुटलेल्या अंबाड्यावर कोसळले. आणि नेमकी त्याच क्षणी सुगंधा, आपल्यावर येणारं संकट हिसकावून घ्यायला पुढे झेपावली होती. डोक्यावर डोकं आदळलं. वेणी अंबाड्यात गेली. धागे दोघींवरून गेले, दोघींखालून गेले, दोघींमधून गेले.

दोघींनी डोकी मागे ओढली. डोकी सुटली नाहीत.

भाद्रपदापासून एकमेकींच्या सावलीवर पाय न दिलेल्या दोन जावा, कपाळाला कपाळ लावून, गालाला गाल भिडवून उभ्या होत्या. लांबून पाहणाऱ्याला वाटलं असतं, माहेरवाशिणी भेटल्या.

"सोड!"

"तू सोड!"

"मी खय धरलंय?"

"मगे मी धरलंय?"

आबाने छत्री मिटली. विचार केला. छत्री उघडली. "रिवाजात चिकटल्याचा काय नाय," असं त्याने जाहीर केलं, आणि खेळ पुढे चालू झाला.

कुंडात जांभळी झाक पसरत होती. आणि आता मासे आले. जड पापण्यांचे, झिंगलेले, आडवे मासे. एक गोबरा पोट वर करून आकाशाकडे बघत गेला, एक पालू सुगंधाच्या कोपरावर डोकं टेकून थांबला, जसा काही त्याला तिच्याशी खाजगी बोलायचं आहे. ज्यांच्यासाठी ही लढाई, ते सगळे हाताशी तरंगत होते, आणि एकीलाही खाली वाकता येत नव्हतं. बगळे उतरले. निवांत, चालत, निवडून निवडून, त्यांनी कोयंड्यांची आमटी नेली.

कातळावर भिवाने, पाठ न वळवता, विचारलं, "बिडी आसा?"

"एक आसा," लक्षू म्हणाला.

"अर्धी दी."

धूर दोन पाठींमधून वर गेला, आणि एकच होऊन गेला. खाली त्यांच्या बायका एकमेकींच्या कानात, अगदी जवळून, अतिशय स्पष्ट उच्चारांत, एकमेकींच्या तिरडीचं वर्णन करत होत्या.

मग द्वारकेला युक्ती सुचली. हात लावायचा नाही. डोकं लावायला कुणी मनाई केली होती? तिने पूर्वेच्या काठाशी, तळातल्या खाचेत टाच रोवली, नांगरासारखं अंग मागे टाकलं, आणि ओढलं. केसांनी ओढलं. मानेने ओढलं. सगळ्या रुंद, जड, थोरल्या देहाने ओढलं. सुगंधाची मान वाकली. पाठ वाकली. पाण्याने तिला पोटाखालून उचललं, आणि तिच्या टाचा वाळूवरून सुटल्या. आता फक्त चवडे. आता फक्त अंगठे. दोन अंगठ्यांच्या टोकांवर तिचं कुंड उभं होतं, तिची आमटी उभी होती, फळीवर पालथी पडायची ती वाटी उभी होती.

"आज पण, काय गो?" द्वारका तिच्या कानात म्हणाली. हळू. जवळजवळ मायेने. "आज पण शेपूटच?"

सुगंधाचा हात कमरेकडे गेला. कालवं फोडायची कोयती तिथे खोचलेली होती. पाण्यातून ती वर आली, निथळत, चकाकत. आणि नेमका तेव्हाच माडांमागून सूर्य निघाला आणि त्या पात्यावर चढून बसला.

बिडी खाली पडली. छत्री खाली पडली. "सुगंधा, नाय!" तिन्ही पुरुष एका आवाजात ओरडले.

सुगंधाने कोयती आपल्याच मानेमागे नेली. लग्नात जिच्यात अबोली माळली होती, जिच्या लांबीची वाडी शपथ घ्यायची, जिला लक्षू घरात कुणी नसताना हळूच हातात धरून बसायचा, ती वेणी, ती सर्पसुंदर, मेघमेदुर, तैलस्निग्ध वेणी तिने मुळापाशी धरली. एक घाव. दुसरा घाव. ओल्या दोरखंडासारखा करकर आवाज. तिसरा.

आणि ओढणाऱ्या द्वारकेला, सगळं बळ लावून ओढणाऱ्या द्वारकेला, एकाएकी ओढायला काहीच उरलं नाही.

ती मागे गेली. नुसती नाही गेली, उडाली. एक मोठी, गोल, संथ लाट तिच्याबरोबर उठली. तिचे दोन्ही पाय पाण्याबाहेर आले, आकाशाकडे वळले, बोटं फाकलेली, जोडवी उन्हात लखलखलेली. आणि ती पूर्वेच्या काठावर, धारदार, भुकेल्या खडपावर बसली. खडप किती वेळ वाट पाहत होतं! त्याने चावून घेतलं.

"द्वारकेचे पाय सुटले!" आबा ओरडला. "कुंड सुगंधाचा!"

मधल्या दगडापाशी ती काळी केव्हाच तळाला गेली होती. रिकामी, मऊ, बिनरागाची. थोड्या आठवड्यांत तिच्या पोटात नवे धागे उगवणार होते. तिने बूड दगडाखाली सारलं, तोंड लांबवलं, आणि वाळू चाटायला लागली. आता कुणाची वाळू, हा प्रश्न तिच्यापुरता आधीही नव्हता.

सुगंधा कुंडात उभीच होती. आखूड, वेडेवाकडे केस गालांवर चिकटलेले; उघडी मान, आणि त्या उघड्या मानेवर उत्तरेचा वारा, नवा, बोचरा, बर्फाळ. ती काकडत होती. ती हसत नव्हती. पाणी गळ्याशी येईपर्यंत ती हलणार नव्हती. जिंकलेल्या जागेवर माणूस थोडा वेळ उगाच उभा राहतो.

द्वारका उठली. कुणाचा हात घेतला नाही. भिवा पुढे झाला, त्याला नजरेनेच जागेवर बसवला. पातळ पिळलं, पदर खोचला, आणि ती वाळूवरून घराकडे निघाली. ताठ, रुंद, एकदाही मागे न बघता.

"वयनी!" कुंडातून हाक आली. दातांवर दात आपटत होते, तरी शब्द धारदार होता. "वेणी रवांदे तुका! रोज तेल घाल तिका!"

द्वारका थांबली नाही. तिच्या अंबाड्यातून, पांढऱ्या धाग्यांत गच्च रुतलेली, ती परकी वेणी पाठीवर लोंबत होती. लांब, काळी, निथळती, अजून जिवंत असल्यासारखी. किनाऱ्यावरच्या कोवळ्या उन्हात थोरली जाऊ चालत राहिली, लहान होत गेली, आणि तिच्या पाठीवर तिच्या वैरिणीचे केस, प्रत्येक पावलागणिक, डावीकडे, उजवीकडे, डावीकडे, उजवीकडे.